धरून राहिलो

सौंसर
१४ सप्टेंबर १९८६

देवीदास दादा,

जय भीम.

हे पत्र उभ्याउभ्या वाचू नको. आधी बस. बसला? कॅमेरा आला!

फोटोचा नाही, सिनेमाचा. नागपूरला आमच्या कॉलेजचा फिल्म क्लब आहे ना, त्यांनी सहा जणांना एकेक सुपर एट कॅमेरा अन् एकेक कार्ट्रिज दिली. कार्ट्रिज म्हणजे फिल्मची डबी, तीन मिनिटं वीस सेकंदांची. बस, तेवढ्यात पूर्ण सिनेमा करायचा. बिघडला तर बिघडला, दुसरी डबी नाही. सब्जेक्ट सगळ्यांना एकच: 'मी'. मतलब सेल्फ पोर्ट्रेट. पेंटर लोक आरशात पाहून स्वतःचंच चित्र काढतात ना, तसं, पण कॅमेऱ्यानं. डिसेंबरमध्ये शो आहे. त्यात दोन बेस्ट निवडतील, त्यांना आणखी एक डबी अन् कॅमेरा सहा महिने. दादा, त्या दोघांतली एक मी आहे. दुसरा कोण, ते त्यांनी पाहून घ्यावं.

इथं जो तो सांगून राहिला, "अवं, पांढुर्ण्याची गोटमार काढायची होती, आत्ताच तर झाली!" नागपूरचेही तेच. मी म्हटलं, गोटमारमध्ये मी कुठं आहे? नदीच्या दोन्ही काठांवरून एकमेकांना गोटे दुसरेच मारतात, मी तर तुमच्या गच्चीवर उभी राहून मोठ्या आईच्या हातचे भजे खाते. भज्यांचा सिनेमा होईल तो.

एक गंमत ऐक. क्लबमध्ये पुण्याचे एक सर शिकवायला आले होते. त्यांनी मला विचारलं, काय चाललंय? मी म्हटलं, "फोकस करून राहिली." ते म्हणे, "करून कुठे राहिलीस?" सगळे हसले. मीही हसली. मग त्यांनी समजावलं की त्यांच्या मराठीत 'राहिली' म्हणजे थांबली, टिकली, शेवटपर्यंत राहिली. मी म्हटलं सर, आमच्याकडे 'राहिली' म्हणजे आत्ता चालू आहे, संपलं नाही. ते म्हणे, इंटरेस्टिंग. दहा वर्षं इंग्लिश मीडियममध्ये घालवली, अन् इंटरेस्टिंग काय निघालं, तर आपलं घरचं 'राहिली'!

आता कामाचं. माझे लहानपणापासूनचे जेवढे फोटो तुमच्या स्टुडिओत काढले, सगळ्यांची एकेक कॉपी पाठव. मी आधी फोटो दाखवणार अन् मग खरी मी. अन् उन्हाचं, सावलीचं काय ते नीट लिही. आणखी एक, ह्या फिल्मला निगेटिव्ह नसते. जी पट्टी कॅमेऱ्यात असते, तीच मुंबईहून धुऊन येते अन् तीच पडद्यावर दिसते. एकच पट्टी, कॉपी नाही.

आई माझा साडीतला फोटो पॅम्फ्लेटसारखा वाटून राहिली. जामसांवलीकडचं एक स्थळ आहे म्हणते. मी लक्ष देत नाही. सध्या डायरेक्टर आहे मी.

तुझी
जयू

·

पांढुर्णा
२२ सप्टेंबर ८६

जयू,

जय भीम.

पत्र भेटलं. उभ्यानंच वाचलं, कारन स्टुडिओत खुर्ची एकच अन् तिच्यावर गिऱ्हाईक बसलं होतं. संत्र्याचा व्यापारी. म्हने, मिशी काळी करून दे, पन डोक्याचे केस पांढरेच राहू दे, लोक मान देतेत. असे असे नमुने येतेत.

तुझं ते निगेटिव्ह नसल्याचं काही मले समजलं नाई. बापूजींले विचारलं. आमच्या मालकाले चाळीस वर्षं झाले या धंद्यात. ते म्हनले, "निगेटिव्ह नसलेला फोटो म्हंजे माय नसलेलं लेकरू." मंग मी म्हटलं, टचिंग कुठं करतेत? बापूजींनी चष्मा पुसाले घेतला.

तू माझं टेबल पाह्यलं हाय. काच, काचेच्या खालून उजेड, वर भिंग. निगेटिव्हमध्ये सगळं उलटं असते. मानसाच्या तोंडावरचा काळा डाग तिथं पांढरा ठिपका दिसते. सुईसारखी पेन्सिल करायची अन् तो ठिपका हळूहळू भरायचा. निगेटिव्हवर काळं केलं की फोटोत मानूस साफ होते. काळं करून गोरं करायचा धंदा दुनियेत हा एकच असन. तेरा वर्षं झाले मले, आता हात आपोआप चालते, डोकं दुसरीकडं राहते.

उजेडाचं सांगतो. दुपारचं ऊन घेऊ नको, डोळ्याखाली खड्डे पडतेत. सकाळी नवाच्या आत घे. पाठीमागं पांढरी भिंत नको. अन् तोंड जरा डावीकडं वळवून बसजो, म्हंजे उजवा गाल कॅमेऱ्याकडं येते. तुझा उजवा गाल चांगला येते. हे ध्यानात ठेवजो.

चार फोटो पाठवले. तिसरीतला, नागपूरच्या शाळेच्या फारमासाठी काढला तो, मॅट्रिकचा अन् साडीतला. काका-काकूले जय भीम सांगजो.

देवीदास

·

सौंसर
६ ऑक्टोबर १९८६

दादा,

स्थळ येऊन गेलं. तुला सीन सांगते, अगदी कटिंगसहित.

बैठकीत मुलगा, त्याचे वडील अन् त्याची आत्या कलाबाई. मी पोहे घेऊन गेली. कलाबाईनं माझ्याकडे पाहिलं, मग पर्समधून फोटो काढून पाहिला, मग पुन्हा माझ्याकडे.

"ही मोठी का?" म्हणे.

आई म्हणाली, "नाही जी, एकच आहे आम्हाला."

"मंग फोटोतली कोन?"

"हीच!"

"हीच कशी होईन? तिले हे नाई." अन् कलाबाईनं स्वतःच्या डाव्या गालावर बोट ठेवलं. पोह्याचं बोट. हळद लागली गालाला, तशीच घेऊन गेली घरी. बाबा म्हणाले, "लहानपनी सायकलवरून पडली होती." कलाबाई म्हणे, "पडली त पडली, लपवलं कायले?"

दादा, मला कलाबाई आवडली. खरंच. पूर्ण घरात एकच प्रश्न बरोबर होता अन् तो तिनं विचारला.

ते लोक गेल्यावर मी तुझे चारही फोटो खाटेवर मांडले. आठ वर्षांची मी, अकराची, सोळाची, एकवीसची. चार मुली अन् चौघींचे गाल धुतल्या तांदळासारखे. चिचोक्याएवढा माझा डाग, रोज आरशात दिसते, मावशीच्या लग्नात मुलं मला 'चिचोका' म्हणून चिडवत होते, तो एकाही फोटोत नाही. एकाही! मी आजपर्यंत पाहिलंच नव्हतं. फोटोत आपण छान दिसलो की माणूस तपासत थोडीच बसते.

मी आईला विचारलं, तू सांगितलं देवीदास दादाला? आई म्हणे, "मी काहून सांगू? मला वाटलं उजेडाचं काही असन." बाबांनीही नाही सांगितलं. मग कोणी सांगितलं तुला?

अन् ते "उजवा गाल चांगला येते"! मी वाचून खूश झाली होती. मूर्ख.

माझी फिल्म आता पक्की झाली. आधी हे चार फोटो, एकेक करून. मग रामाकोना. आपल्या जुन्या घराजवळचा नाल्यावरचा बिनकठड्याचा बुटका पूल, तो रपटा, जिथं मी पडली तिथंच बसणार अन् डावा गाल कॅमेऱ्याकडे करून सव्वा मिनिट नुसती पाहणार. बोलणार नाही. तू ये. मला तिथं तू पाहिजे, सायकलवर तूच शिकवून राहिला होता ना तेव्हा.

उत्तर लवकर लिही. प्रश्न तोच: कोणी सांगितलं?

जयू

·

पांढुर्णा
१५ ऑक्टोबर ८६

जयू,

टचिंग कोनी सांगत नाई. होऊन जाते. गिऱ्हाईक म्हनत नाई की माझी पुटकुळी काढ, आमी काढतोच. धंद्याची रीत हाय. तू उगाच मोठं करून राहिली.

रामाकोन्याले कायले जाते? रपट्यावर शेवाळ असन, घसरशीन. त्यापेक्षा जामसांवलीच्या रस्त्यानं संत्र्याचे बगीचे हायेत, आता फळ धरलं असन, कलरमध्ये चांगलं दिसन. मी येऊ शकत नाई. दिवाळीचा सीझन, बापूजी सुट्टी देत नाई.

त्या कलाबाईचं मनाले लावून घेऊ नको.

देवीदास

·

सौंसर
१० नोव्हेंबर १९८६

दादा,

मी मनाला काही लावून घेत नाही. मी फिल्ममध्ये लावते.

झालं शूटिंग! एकटीनं केलं. छोट्या लाईनच्या गाडीनं रामाकोन्याला गेली, कॅमेरा मांडीवर, तीन पायांचा स्टँड डोक्यावर. पूर्ण डबा विचारून राहिला, "बाई, मोजणीवाली आहे का?" मी म्हटलं हो. स्वतःचीच मोजणी आहे.

रपट्यावर शेवाळ नाही, पाणी नाही, काहीच नाही. एक बकरी होती. कॅमेऱ्याचं बटन दाबून लॉक होते, मग कोणी धरायला लागत नाही. लॉक केलं अन् पळत जाऊन दगडावर बसली. डावा गाल समोर. सकाळी साडेआठचं ऊन, तुझा तो सल्ला ऐकला. पहिले मला हसू येऊन राहिलं, मग रडू येते की काय असं वाटलं, मग दोन्ही गेलं अन् मी फक्त पाहून राहिली. मागून गाडी गेली, ड्रायव्हरनं हात दाखवला. तेवढ्यात कॅमेरा 'खट' झाला, फिल्म संपली. एकच टेक.

दादा, मला माहीत आहे की चांगलं झालं. न पाहता माहीत आहे.

डबी मुंबईला धुवायला पाठवली. परतीचा पत्ता तुझा दिला आहे. इथं दिला तर बाबा पार्सल फोडतील अन् पट्टीवर बोटं लावतील. तुझ्याकडे काच आहे, भिंग आहे. उघड. सव्वा मिनिटाचा तो तुकडा फोकसमध्ये आहे की नाही तेवढं पाह. अन् तशीच नागपूरला क्लबच्या पत्त्यावर रजिस्टरनं पाठव, पत्ता मागे लिहिला आहे. मी परवा नागपूरला मामांकडे चालली, शोची तयारी आहे.

तुझ्यावर राग आहे. विश्वासही आहे. दोन्ही एकाच वेळी असू शकते, हे मला ह्या महिन्यात समजलं.

उघड. पाह. फक्त हात लावू नको.

जयू

·

पांढुर्णा
३ डिसेंबर ८६

जयू,

पार्सल आलं. पाह्यलं. फोकस बरोबर हाय. नागपूरले रजिस्टर केलं.

डोळे दुखून राहिले म्हून जास्ती लिहत नाई.

देवीदास

·

नागपूर
१६ डिसेंबर १९८६

दादा,

शो काल झाला. सिनेमा तुला सांगते, कारण तू तो भिंगातून पाहिला, मी पडद्यावर.

हॉलमध्ये सत्तरेक लोक. माझा नंबर चौथा. पहिला फोटो, दुसरा, तिसरा, चौथा. चार गोऱ्या गालांच्या मुली. मग एकदम रपटा अन् मी. गाल एवढा मोठा, पडद्याभर, डागासहित. मी मागे उभी होती अन् खूश होती. ही मी! पहिल्यांदा!

अन् मग, बसल्यावर थोड्याच वेळात, डाग हलला.

हलला दादा. आधी काळा झाला, मग मोठा झाला, मग इकडे उडी तिकडे उडी, जशी गालावर माशी बसून नाचून राहिली. दोन सेकंद. अन् पुन्हा आपला गपचूप, जिथं होता तिथं. हॉलमध्ये लोकांनी श्वास घेतलेला मला ऐकू आला. कोणी तरी टाळी वाजवली.

लाइट लागले. तेच पुण्याचे सर उभे राहिले अन् म्हणाले, "चार फोटोंत लपवलेला डाग शेवटी बंड करून उठतो, ही कल्पना कशी सुचली?"

अन् मी काय म्हटलं माहीत आहे? "सुचली अशीच, सर."

मी खोटं बोलली. सत्तर लोकांसमोर, स्वतःच्या सेल्फ पोर्ट्रेटबद्दल. माझी फिल्म निवडली गेली, दोघांतली एक मीच. हात मिळवले, चहा झाला. अन् सगळे गेल्यावर मी पट्टी भिंगाखाली धरली.

एक्केचाळीस फ्रेम. मोजल्या. एक्केचाळीस फ्रेमवर पेन्सिल आहे. एका फ्रेममध्ये माझा गाल मुगाच्या दाण्याएवढा, त्यावर डाग मुंगीच्या डोळ्याएवढा, अन् त्या डोळ्यावर कोणी तरी सुईच्या टोकानं पेन्सिल भरली आहे. अशी पेन्सिल पूर्ण पांढुर्ण्यात एकच माणूस करते.

मी सांगितलं होतं, हात लावू नको. एकच पट्टी होती माझी. त्यात माझा खरा चेहरा पहिल्यांदा आला होता अन् तू त्यावरही टचिंग करायला बसला. पाचवा फोटो! एवढा काय वाईट आहे तो डाग? तुला माझं तोंड का पाहवत नाही?

ह्यावेळी 'धंद्याची रीत' लिहून पाठवलं तर पत्र परत करीन.

जयू

·

पांढुर्णा
२३ डिसेंबर ८६

जयू,

जय भीम.

धंद्याची रीत नाई. आता लिहतो. तीन पोस्टकार्ड फाडले, मंग हा मोठा कागद घेतला.

आधी पट्टीचं. पार्सल आलं तवा बापूजी जेवायले गेले होते. मी काचेवर पट्टी लावली अन् भिंगातून पाह्यलं. चार फोटो पाह्यले, माझेच. मंग रपटा आला अन् त्याच्यावर तू. मले वाटलं पाहून ठेवून देऊ. पन टेबल तेच, काच तीच, पेन्सिल तिथंच. हात गेला. मी खरं सांगतो, हात गेला तवा मी नोतो. एक झाली, दुसरी झाली, मी खाली मान घालून भरूनच राहिलो. दुपार सरली. मंग मान दुखली म्हून पट्टी खिडकीसमोर धरली त डाग गेला नोता. डबल काळा झाला होता!

तवा ध्यानात आलं. निगेटिव्ह नाई न ते. तू लिहलं होतं, मी वाचलं बी होतं. निगेटिव्हवर काळं केलं की मानूस साफ होते. इथं काळं केलं त काळंच झालं. तेरा वर्षाच्या हाताले हे कोन सांगन? पुसायले स्पिरिट घेतलं, पन कलर उतरला त सगळंच जाईन म्हून भेलो. तसंच गुंडाळून पाठवलं. तुले लिहायची हिंमत झाली नाई.

आता दुसरं. कोनी सांगितलं, हे तू दोन वेळा विचारलं. कोनी नाई. मीच.

तू सात वर्षांची होती. मी पंधराचा. बाबांची मोठी सायकल, सीटवरून तुझे पाय पुरत नोते, तू नळीच्या खालून पाय घालून कैची चालवत होती. मी मागून कॅरिअर धरून पळत होतो. उताराले तू ओरडली, "दादा, धरलं ना?" मी म्हटलं, "हाओ, धरून राहिलो!" पुन्हा ओरडली, "धरलं ना?" "धरून राहिलो, धरून राहिलो!"

जयू, मी धरून नोतो. पहिल्यांदा म्हटलं तवाच सोडलं होतं. मले पाह्यचं होतं की तू एकटी किती दूर जाते. मजा म्हून. मी जाग्यावर उभा राहून नुसता ओरडत होतो अन् तू रपट्यावर गेली अन् खाली.

घरी सगळ्यांनी विचारलं. मी म्हटलं, हिनंच हँडल सोडलं. तू बेशुद्ध होती, तू काय सांगशीन. काकू मले म्हनल्या, "तू होता म्हून वाचली." माझ्या हातावर गूळ ठेवला. तो मी खाल्ला.

पुढच्या वर्षी बापूजींकडं लागलो. टचिंग शिकून राहिलो होतो, बापूजींनी पहिली निगेटिव्ह दिली ती तुझी, तिसरीतली. मी तो डाग भरला. फोटो निघाला अन् गाल साफ! मले वाटलं, झालं, पडलीच नाई तू. तेव्हापासून तुझा एक बी फोटो मी दुसऱ्या कोनाच्या हातात दिला नाई.

तुझं तोंड मले पाहवत नाई असं नाई वं. माझं मले पाहवत नाई. माझा सोताचा एक बी फोटो नाई, हे तुले माहीत हाय का? तेरा वर्षं स्टुडिओत हाय मी.

तुझी फिल्म बिघडवली. माफ कर म्हनत नाई. काय म्हनू ते समजत नाई.

देवीदास

·

सौंसर
३१ डिसेंबर १९८६

दादा,

जय भीम.

तुझं पत्र मी आईला वाचून दाखवलं. पूर्ण. रागावू नको, गूळ तिचा होता, तिला हक्क आहे. आईनं पत्राची घडी केली. मग म्हणे, "चौदा वर्षं झाले त्याला. गुळाला मुंग्या बी लागून गेल्या असन." अन् तुझ्यासाठी तीळगुळाचा डबा भरून राहिली. येशील तेव्हा तिच्यासमोर खायचा, मुकाट्यानं.

आता माझं ऐक. तू लिहिलं की मी बेशुद्ध होती, मला काय माहीत. मला माहीत होतं!

उताराच्या मध्ये मी मागे वळून पाहिलं होतं. तू दूर, कडुलिंबाखाली उभा, तोंडाचा भोंगा करून ओरडून राहिला, "धरून राहिलो!" अन् सायकल चालून राहिली. कोणी धरली नव्हती अन् ती चालून राहिली! दादा, मी एवढी खूश झाली की समोर पाहायचंच विसरली. म्हणून पडली. तू सोडलं म्हणून नाही. तुझ्याकडे पाहून हसत होती म्हणून.

तू घरी खोटं सांगितलं, ते मला नंतर समजलं, पण मी बोलली नाही. कारण मग सगळे म्हणाले असते की जयूला सायकल येत नव्हती, दादानं सोडली अन् पडली. मला तर येत होती. चाळीस हात तरी मी एकटी गेली होती. माझा डाग म्हणजे त्या चाळीस हातांचं सर्टिफिकेट आहे अन् तू ते तेरा वर्षं पेन्सिलनं खोडून राहिला, गाढवा!

असं तोंडावर सांगितलं असतं तर दोघांचंही काम सोपं झालं असतं. पण आपण दोघं पत्रातच शहाणे.

आता माझा हिशोब. क्लबला पत्र लिहिलं मी. सरांना लिहिलं की ती कल्पना मला सुचली नव्हती, माझ्या भावाच्या हाताची चूक होती, अन् मी तिचं श्रेय खाल्लं. त्यांनी माझं सिलेक्शन काढलं तरी चालेल, असंही लिहिलं. उत्तर आलं काल. सर लिहितात, सिलेक्शन राहील, पण पट्टीच्या शेवटी नाव जोडा. अन् त्यांनी विचारलं की त्या एक्केचाळीस फ्रेम कापणार का.

नाही कापणार. माझ्या चेहऱ्याची गोष्ट आहे ना, मग त्या चेहऱ्यावर कोणाकोणाचा हात फिरला, तेही त्यातच आलं. तू नसता तर डागही नसता अन् डाग नसता तर फिल्म. मी दुपारी पाटीवर खडूनं लिहिलं, नवीन डबीतल्या पहिल्या दोन सेकंदांत पाटीचं शूटिंग करीन, तो तुकडा जोडायला देईन. पाटीवर असं आहे:

टचिंग: देवीदास, पांढुर्णा.

बापूजींना सांग, निगेटिव्ह नसलेल्या फोटोवर टचिंग करणारा हिंदुस्थानात पहिला माणूस त्यांच्याच दुकानात आहे.

नवीन डबीत उरतात तीन मिनिटं अठरा सेकंद. त्यात सायकल आहे. रामाकोन्याचा तोच उतार, सीटवर मी, आता पाय पुरतात. ह्यावेळी कॅमेरा लॉक करणार नाही. कॅमेरा तू धर. कडुलिंबाखाली उभा राहा अन् मी जाताना ओरड, तसंच. आवाज फिल्ममध्ये येत नाही, सुपर एटमध्ये साउंड नाही, पण मला ऐकू येईल.

अन् रपट्याच्या पलीकडून मी वळून येईन, कॅमेरा तुझ्या हातातून घेईन अन् शेवटचे दहा सेकंद तुझे. सरळ उभा राहा, कोणताही गाल दे. तुझा पहिला फोटो मी काढणार. टचिंग होणार नाही, आधीच सांगून ठेवते.

तारीख तू कळव. बापूजी सुट्टी देत नाही, हे आता चालणार नाही.

तुझी
जयू

·

पांढुर्णा
९ जानेवारी ८७

जयू,

जय भीम.

बापूजींनी सुट्टी दिली. तुझं पत्र मी त्यांले वाचून दाखवलं, टचिंगच्या पाटीपर्यंत. ते म्हनले, "स्टुडिओचं नाव बी टाकाले सांग." मी म्हटलं, जागा नाई. तीन दिवसांपासून फुगून बसले हायेत.

येत्या अठरा तारखेले, रविवारी, सकाळच्या गाडीनं येतो. सायकल तीच आनतो, बाबांची. चेन नवी टाकली.

सोबतच्या पाकिटात चार फोटो हायेत. सांगतो कसे झाले. काल दुपारी गिऱ्हाईक नोतं. तुझ्या चारही निगेटिव्ह जुन्या डब्यातून काढल्या. कापसाले स्पिरिट लावलं अन् माझी पेन्सिल हळूहळू पुसली. मले भेव वाटत होतं की एवढ्या वर्षांनी खाली काही उरलं नसन. जयू, डाग जिथल्या तिथं हाय. चारही जागी. मी वरतून झाकला होता, तो खाली तसाच बसून होता.

मंग नवे फोटो काढले. तिसरीतला पाह्यजो आधी. डाग ताजा हाय, जखम नुकती भरलेली, अन् तू हसून राहिली.

तो घडी करून कलाबाईले पाठव वाटल्यास. मनात आनू नको, मजाक केली.

कॅमेरा कसा धरायचा ते मले समजून सांगजो, सिनेमाचा मी कधी धरला नाई. फोटोचा हात हलू देत नाई, याचं काय असते कोन जाने. पन तू उतारावर ओरडून विचारशीन तवा मले पळायचं नाई, उभंच राह्यचं हाय. अन् ह्यावेळी खरं सांगन.

धरून राहिलो.

देवीदास